आजीच्या मराठीखाली कोणती मराठी लिहू?

रामबागेतली (इंदूर)

नमस्कार. प्रश्न लांबलचक आहे, पण थोडक्यात विचारला तर उत्तरही अर्धवटच मिळेल, म्हणून सगळं लिहिते.

मी इंदूरची. चार वर्षांपासून एक माहितीपट करते आहे. पैसा माझाच, कॅमेरा माझाच, आवाज टिपायला मावसभाऊ आणि संकलन घरच्या कॉम्प्युटरवर. लग्नांचे आणि शाळांच्या स्नेहसंमेलनांचे व्हिडिओ करते, त्यातून उरतं ते यात घालते. माहितीपट माझ्या आजीवर आहे. आजी ८७ वर्षांची. माहेर धारचं, सासर इंदूरचं. सगळं आयुष्य मिळून महाराष्ट्रात पंधरा-वीस दिवस राहिली असेल, तेही जेजुरीला दर्शनाला किंवा कुणाच्या लग्नाला. तरी ‘आजी, आपण कुठचे?’ असं विचारलं की एका क्षणात सांगते, ‘आपण दक्षिणी.’ इथे जुन्या लोकांत मराठी माणसाला हाच शब्द आहे. शेजारच्या अग्रवाल काकूही तेच म्हणतात, ‘दक्षिणियों के यहाँ से पूरनपोली आई है.’

आणि जेजुरीला काय झालं, तेही माझ्या फुटेजमध्ये आहे. पायऱ्यांच्या तळाशी भंडाऱ्याच्या दुकानात आजीने भाव विचारला, मराठीतच विचारला. दुकानदाराने तिच्याकडे पाहिलं आणि उत्तर दिलं हिंदीत. ‘माताजी, पचास का है.’ आजीने पन्नास रुपये दिले, भंडारा पदराला बांधला आणि पायऱ्या चढायला लागली. अख्ख्या चित्रपटात मला तिचा चेहरा इतका बंद झालेला दुसरीकडे कुठे दिसला नाही.

रफ कट ५२ मिनिटांचा झाला तेव्हा मी तो घेऊन पुण्याला एका कार्यशाळेत गेले. तिथल्या ज्येष्ठ मार्गदर्शकांनी तो शांतपणे पूर्ण पाहिला. म्हणाले, आशय फार चांगला आहे, पण भाषा अशुद्ध आहे. दिग्दर्शिकेलाच मराठी येत नाही, असं प्रेक्षकाला वाटेल. निवेदन एखाद्या चांगल्या आवाजाकडून करून घ्या आणि घरच्या मंडळींच्या बोलण्याला प्रमाण मराठीत सबटायटल द्या. माणूस वाईट हेतूने बोलत नव्हता, हे मला माहीत आहे. मी दोन्ही केलं. आवाजाचे आठ हजार दिले. आवाज खरोखर सुंदर आहे, एकही उच्चार हलत नाही.

मग दिवाळीत घरी टीव्हीला लावून दाखवला. आजी पलंगावर, आत्या खाली गादीवर. चार मिनिटं झाली असतील. आजीने विचारलं, ‘ही बाई कोण? आपल्या घरचं हिला कसं काय माहीत?’ मी म्हटलं, आजी, ते मीच लिहिलंय, ती माझ्या वतीने बोलते आहे. आजी म्हणाली, ‘मग तू का नाही बोलून राहिली?’

मला उत्तर देता आलं नाही.

सबटायटलचं त्याहून अवघड. एक जागा सांगते. १९५६ मध्ये मध्य प्रदेश झाला आणि राजधानी भोपाळला गेली. त्याच्या आधी मध्य भारत होता, तेव्हा हिवाळ्यात ग्वाल्हेर आणि उन्हाळ्यात इंदूर अशा दोन राजधान्या असत, त्यामुळे इथे कचेऱ्या होत्या, नोकऱ्या होत्या. त्या वर्षी आमच्या गल्लीतली दोन मराठी कुटुंबं सामान बांधून पुण्याला गेली. आजी तेव्हा नवी नवरी. ती कॅमेऱ्यासमोर सांगते, ‘मी मामंजींशी विचारलं, आपल्याला देशी कधी जायचं? तर ते हसून राहिले.’ याच्याखाली मी लिहिलं: ‘मी मामंजींना विचारलं, आपण देशावर कधी जायचं? तेव्हा ते हसले.’

व्याकरण सुधारलं आणि गोष्ट गेली. ‘हसले’ म्हणजे एकदा हसले आणि संपलं. आजी सांगते त्यात ते हसतच राहिले, उत्तर दिलंच नाही आणि सत्तर वर्षं झाली तरी ते हसणं तिच्या डोळ्यांपुढून गेलेलं नाही. तिच्या वाक्यात हे सगळं आहे. माझ्या सुधारलेल्या ओळीत त्यातलं काही उरलं नाही. आता पडद्यावर वर तिचा चेहरा आणि खाली मास्तरांच्या लाल शाईसारखी ती ओळ दिसते.

आत्याने ते वाचलं. आत्या हिंदी माध्यमात शिकली. मराठी तिला वाचता येतं कारण लिपी एकच. ती काही बोलली नाही, चहा करायला उठून गेली. पण त्यानंतर तिचं राहिलेलं शूटिंग करायला बसलो, तर प्रत्येक वाक्यानंतर ती थांबून माझ्याकडे बघायची. ‘हे बरोबर बोलले ना मी?’ ही बाई याआधी तीन वर्षं माझ्या कॅमेऱ्यासमोर घरात वावरली, किसणीवर भुट्टे किसता किसता आजोबांच्या संतापाचे किस्से सांगत होती. इथल्या सराफा बाजारात रात्री जो ‘भुट्टे का कीस’ मिळतो, त्यातला कीस आपल्या किसण्यातला, हे तिनेच मला पहिल्यांदा दाखवून दिलं होतं. ‘बघ, सगळं शहर आपला शब्द खाऊन राहिलं.’ ते वाक्य चित्रपटात आहे. आज तिला ते म्हणायला सांगितलं तर ती म्हणणार नाही.

म्हणून विचारते आहे. निवेदन मी माझ्या आवाजात करावं का? माझी मराठी बोलताना आजीसारखीच आहे, लिहिताना मी सांभाळून लिहिते. सबटायटल कोणत्या मराठीत द्यावेत, की मराठीत देऊच नयेत? महोत्सवांच्या अर्जात भाषा विचारतात, तिथे काय लिहू? घरात आजी मराठी बोलते, भांडी घासायला येणाऱ्या बाईंशी एकाच वाक्यात हिंदीत शिरते आणि बाहेर येते. आणि आत्याचं काय करू?

अजून एक. आजोबा गिरणीत हिशेबाच्या खात्यात होते. त्यांनी कुणाचा तरी कॅमेरा मागून अनंत चतुर्दशीच्या झांकीचं, म्हणजे इथल्या दिव्यांच्या चित्ररथांच्या मिरवणुकीचं, एक सुपर ८ रीळ काढलं होतं, १९७० नंतर कधीतरी. पत्र्याची डबी परवा सापडली. उघडली तर व्हिनेगरसारखा उग्र वास आला. इथे एक जण म्हणतो, प्रोजेक्टरवर लावू, भिंतीवरून मोबाईलने शूट करून घेऊ. करू का?

आवाजाचं काम (मुंबई)

ताई, आधी रिळाचं, कारण त्याला वेळ नाही. प्रोजेक्टरवर अजिबात लावू नका. तो वास म्हणजे फिल्मचा अॅसिटेटचा पाया कुजायला लागल्याची खूण आहे. अशी फिल्म आकसते आणि ठिसूळ होते. मग तिची भोकं प्रोजेक्टरच्या दात्यांत नीट बसत नाहीत आणि ती फाटते. डबी घट्ट बंद करून ठेवू नका, तो वास कोंडला की कुजणं आणखी वाढतं. कोरड्या, थंड, हवेशीर जागी ठेवा आणि दुसरी रिळं असतील तर त्यांच्यापासून दूर. पुण्यात राष्ट्रीय फिल्म संग्रहालय आहे, १९६४ पासूनचं. तिथे विचारा, नाहीतर आकसलेली फिल्म दात्यांशिवाय फ्रेम-फ्रेम स्कॅन करणारी लॅब शोधा. स्कॅन करणाऱ्याला सांगा की सुपर ८ साधारणपणे सेकंदाला १८ फ्रेमनी चालते. हे सांगितलं नाही तर २५ च्या वेगाने माणसं तुरुतुरु पळताना दिसतील आणि झांकीचा दिमाख जाईल. ५० फुटांचं रीळ म्हणजे जेमतेम तीन मिनिटं वीस सेकंद.

निवेदन तुमच्याच आवाजात करा. पण स्टुडिओत जाऊन कागद वाचलात तर तुम्हीही त्या आठ हजारांच्या बाईंसारख्याच वाटाल. मी बावीस वर्षं हे काम करतो आहे. माणूस कागद हातात घेतो तेव्हा त्याचा घसा बदलतो. आजीच्याच खोलीत बसा. खिडकीला गोधडी लावा, पंखा बंद, फ्रीज बंद. फ्रीज बंद करताना गाडीची किल्ली फ्रीजमध्ये ठेवा म्हणजे परत चालू केल्याशिवाय घराबाहेर पडता येणार नाही. मावसभावाला समोर बसवा आणि त्याला सांगा, माईकला नाही. काय सांगायचं त्याचे चार शब्द लिहून ठेवा, वाक्यं लिहू नका. आणि सगळं संपल्यावर कुणी न बोलता त्या खोलीचा एक मिनिट आवाज टिपून ठेवा. संकलनात दोन वाक्यांमधल्या फटी भरायला तोच लागतो. दुसऱ्या खोलीची शांतता तिथे चालत नाही, लगेच कळते.

निवृत्त शिक्षक (देवास)

बेटा, ‘अशुद्ध’ या शब्दाने मलाही आयुष्यभर छळलं आहे, म्हणून लिहितो.

तुझ्या आजीचं ‘करून राहिली’, ‘हसून राहिले’ नागपूरकडेही जसंच्या तसं सापडेल. हिंदीला लागून जिथे जिथे मराठी शेकडो वर्षं राहिली, तिथे तिने हे क्रियापद घेतलं. भाषा शेजाऱ्याकडून घेतेच. पुण्याच्या मराठीनेही फारसीकडून किती घेतलं आहे! अर्ज, हुकूम, जमीन, वकील हे शब्द कुणी लाल शाईने कापत नाही. होळकरांचं दफ्तर मोडीत मराठीत चालत होतं आणि त्याच वेळी बाहेर रस्त्यावर माळवी होती. कारकून घरी जाताना दोन्ही घेऊन जात असे. तुझ्या आजीची मराठी त्या कारकुनाच्या घरची आहे. कुणाची तरी बिघडलेली मराठी ती नव्हे.

एक गोष्ट मी वर्गात दरवर्षी सांगायचो. इंदुरात १९१७ मध्ये मराठी साहित्य संमेलन भरलं, गणेश जनार्दन आगाशे अध्यक्ष होते. पुढच्याच वर्षी, १९१८ मध्ये, याच गावात हिंदी साहित्य संमेलन भरलं आणि अध्यक्ष होते गांधीजी. मग १९३५ मध्ये एकाच वर्षात दोन्ही. मराठीला औंधचे भवानराव पंतप्रतिनिधी, हिंदीला पुन्हा गांधीजी. एकाच शहराने दोन्ही भाषांचे मांडव घातले. २००१ मध्ये मराठी संमेलन पुन्हा इंदुरात आलं, विजया राजाध्यक्ष अध्यक्ष होत्या.

आणि मुक्तिबोधांचं घर आठव. गजानन माधव १९१७ मध्ये श्योपूरला जन्मले, ग्वाल्हेर संस्थानात. घरात मराठी. ते हिंदीचे एवढे मोठे कवी झाले. धाकटे शरच्चंद्र जन्मले इंदुरात. ते मराठीत लिहीत राहिले आणि १९७९ चा साहित्य अकादमी पुरस्कार त्यांना मराठीसाठी मिळाला. आई एक, ताट एक, आणि दोघा भावांनी दोन भाषांत लिहिलं. यात कोण घरचा आणि कोण बाहेरचा, हे मला कधी ठरवता आलं नाही, आणि मी ते मुलांनाही ठरवू दिलं नाही.

अर्जात दोन्ही भाषा लिही. आधी कोणती, हे मिनिटं मोजून ठरव. त्यात मनाचं काही घालू नकोस.

कोथरूडची (पुणे)

मी थोडं वेगळं सांगणार आहे, राग मानू नका. मराठी सबटायटल काढून टाकू नका.

माझी आई ७९ वर्षांची आहे, दोन्ही कानांनी कमी ऐकते. सबटायटल नसले तर ती मराठी चित्रपट पाहूच शकत नाही, फक्त ओठ हलताना बघते. तुमच्या आजीच्या वयाच्या सगळ्या बायका तुमच्या चित्रपटाच्या पहिल्या प्रेक्षक आहेत आणि त्यांतल्या अर्ध्यांना ऐकू येत नाही. त्यांच्यासाठी खाली लिहायला हवं. पण आजी जे बोलली तेच लिहा. ‘मामंजींशी विचारलं’ असेल तर तसंच. ‘हसून राहिले’ असेल तर तसंच. मग ती लाल शाई राहणार नाही, बोललेलं लिहून घेतलं एवढंच होईल. तुमच्या आत्यालाही आपलंच वाक्य छापलेलं दिसेल.

मी पुण्यात जन्मले, पुण्यातच वाढले. तुमच्या आजीचं ते १९५६ चं वाक्य वाचताना मला एकही शब्द अडला नाही. मला अडेल ते दुसरंच. ‘गराडू’ म्हणजे काय ते मला माहीत नव्हतं, इंदूरच्या मैत्रिणीने खाऊ घातला तेव्हा कळलं. ‘ओटला’ मी अंदाजाने ओळखते. ‘जीरावन’ अजूनही नक्की सांगता येणार नाही. अशा शब्दांना खाली अर्थ देऊ नका, ती वस्तू पडद्यावर दोन सेकंद जास्त दिसू द्या. आजी पोह्यांवर जीरावन घालते आहे, असं एकदा दिसलं की मला शब्दकोश नको.

आणि त्या दुकानदाराबद्दल वाचून मला वाईट वाटलं. मीही असं केलं आहे. ऑफिसात ग्वाल्हेरचा एक मुलगा मराठीत बोलायला आला तेव्हा त्याचे उच्चार ऐकून मी हिंदी सुरू केलं. मला वाटलं मी त्याची सोय पाहते आहे. त्याने परत माझ्याशी मराठीत बोलायचा प्रयत्न केला नाही.

दांडिया बाजार (बडोदे)

आमच्याकडेही घरोघरी हेच. माझी आई वाक्याच्या शेवटी ‘ने’ लावते, ‘तू जेवलास ने?’ मुंबईची चुलत भावंडं हसायची. इथे गुजराती शेजारी आम्हाला दक्षिणी म्हणतात आणि मुंबईत आम्ही गुजराती. आणि फाळक्यांचंच बघा. त्र्यंबकेश्वरचा माणूस, पण चित्रकला आणि फोटोग्राफी शिकला आमच्या कलाभवनात आणि पहिला फोटो स्टुडिओ काढला गोध्र्याला. महाराष्ट्राबाहेर राहून आपण सिनेमा करायला निघालो, म्हणजे काही आडवाटेला लागलो असं नाही.

मी लघुपट करतो, त्यामुळे इंग्रजी सबटायटलचा एक अनुभव सांगतो. इंग्रजीत दोन्ही भाषा एकसारख्या होऊन जातात. आजी मराठीतून हिंदीत शिरली, हे बाहेरच्या प्रेक्षकाला कळतच नाही आणि तुमच्या चित्रपटाचा जीव तर त्या शिरण्यातच आहे. मी एक भाषा सरळ अक्षरात आणि दुसरी तिरप्या अक्षरात दिली. सुरुवातीला एका ओळीत तसं सांगितलं, पुढे कुणाला अडचण आली नाही. जेजुरीच्या दुकानात आजीची ओळ सरळ आणि दुकानदाराची तिरपी दिसली की कोपनहेगनच्या माणसालाही कळेल काय झालं ते. एका वेळी दोन ओळींपेक्षा जास्त देऊ नका आणि चेहरा महत्त्वाचा असेल तिथे ओळ लवकर काढून घ्या.

आत्याचं सांगतो, कारण माझ्या काकांचं असंच झालं होतं. समजूत घालू नका. समजूत घातली की आपलं खरंच काही चुकलं होतं, असं वाटतं. त्यांना एकट्यांना हेडफोन लावून त्यांचंच तीन वर्षांपूर्वीचं फुटेज दाखवा, सबटायटलशिवाय. मध्ये बोलू नका.

रामबागेतली (इंदूर)

सगळ्यांचे मनापासून आभार. तीन आठवडे उत्तर दिलं नाही कारण सांगितलेलं करून बघत होते.

शिक्षक काका, टाइमलाइनवर मिनिटं मोजली. मराठी ३१, हिंदी १२, उरलेल्या नऊ मिनिटांत कुणी बोलतच नाही. अर्जात ‘मराठी, हिंदी’ लिहिलं. मुक्तिबोधांचं आजीला वाचून दाखवलं तर म्हणाली, ‘त्यांच्या आईला विचारायला हवं होतं कुणीतरी.’

रीळ पुण्याला गेलं आहे. मावसभाऊ स्वतः मांडीवर घेऊन रेल्वेने गेला. स्कॅन अजून आलेलं नाही. कडा लाटांसारख्या झाल्या आहेत, पण मधला भाग निघेल, असं म्हणाले.

कोथरूडच्या ताई, तुमचं ऐकलं. सगळे मराठी सबटायटल पुसले आणि नव्याने लिहिले, जसं बोललं तसं. सोपं नव्हतं. हात आपोआप सुधारायला जात होता. आजी ‘मला चांगलं लागलं’ म्हणते आणि मी ‘मला आवडलं’ टाइप करून मोकळी, मग परत मागे. एका जागी आजी ‘गिलास’ म्हणते, मी चार वेळा ‘पेला’ लिहिलं. तुमच्या ऑफिसमधल्या त्या मुलाशी आता मराठीत बोलून बघा. थोडा वेळ लागेल, पण तो बोलेल.

निवेदन पहाटे पाचला केलं. आमच्याकडे नर्मदेचं पाणी एक दिवसाआड येतं, तर ज्या दिवशी नळ नाही तो दिवस धरला, नाहीतर मोटारींचा आवाज. गोधडी, पंखा, फ्रीज, फ्रीजमध्ये स्कूटीची किल्ली, सगळं केलं. आजी पलंगावर झोपलेली. भाऊ समोर मोड्यावर. मी कागदावर चारच शब्द लिहिले होते: धार, लग्न, झांकी, देश. पहिली दोन वाक्यं घशात अडकली. मग मी त्याला सांगायला लागली, जशी रोज सांगते तशी. मी म्हटलं, ‘आजी लग्न होऊन इंदूरला आली तेव्हा तिनं पहिल्यांदा झांकी पाहिली, एवढे दिवे तिनं कधी बघितलेच नव्हते.’

आणि मागून आवाज आला. ‘पहिल्यांदा नाही गं. मी आठ वर्षांची होती. बाबा धारहून घेऊन आले होते. त्यांच्या खांद्यावर बसून पाहिली. माझी एक चप्पल पडून गेली गर्दीत, राजवाड्यासमोर.’

भाऊ माझ्याकडे बघून राहिला, मी त्याच्याकडे. चार वर्षं मी हिला विचारून राहिली आहे की इंदूर तुझं कधी झालं, आणि दर वेळी तिनं लग्नाचंच सांगितलं. ही चप्पल कधी निघाली नव्हती. माईक माझ्याकडे वळवलेला होता, त्यामुळे तिचा आवाज लांबून आला आहे, जरा खोल, पण शब्द न शब्द कळतो. मी तसाच ठेवला. माझं चुकीचं वाक्य ठेवलं, तिनं मध्येच टोकलेलं ठेवलं आणि नंतरची आमची शांतताही ठेवली. निवेदन तिथेच थांबतं आणि ती पुढचं सांगते. खाली लिहिलं आहे, ‘माझी एक चप्पल पडून गेली गर्दीत.’ जसं बोलली तसं.

बडोद्याचे दादा, आत्याला तुमच्या सांगण्याप्रमाणे एकटीला बसवलं, हेडफोन लावून. मी बाहेर ओटल्यावर बसून राहिली. चाळीस मिनिटं झाली. मग आतून हसण्याचा आवाज आला. आजोबांनी रागाने भाकरी परत तव्यावर टाकलेली असते, तो किस्सा असणार. बाहेर आली तर काहीच बोलली नाही त्याबद्दल. विचारलं, ‘माझं किती उरलंय अजून?’ मी म्हटलं, एक दिवसाचं. कीस करतानाचं.

रविवारी करून राहिलो आहोत. भुट्टे ती आणणार आहे, मी फक्त किसणी धुऊन ठेवायची.

आवाजाचं काम (मुंबई)

आजीचा तो लांबून आलेला आवाज स्वच्छ करायच्या भानगडीत पडू नका. त्या खोलीची एक मिनिट शांतता टिपली आहे ना? तिच्या वाक्यांखाली तीच अंथरा. रविवारी किसणीपासून माईक दोन हात तरी लांब ठेवा, किसण्याचा आवाज आत्याच्या आवाजावर चढतो. आणि स्कूटीची किल्ली काढलीत ना फ्रीजमधून?

रामबागेतली (इंदूर)

काढली दादा. दोन हात लांब ठेवते.